कांगॉची टेकडी आणि बोमडिलाची रेषा : जनरल थोरात यांच्या युद्धविचाराचा एक अभ्यास

‘पहाडी सेनापती’ म्हटले म्हणजे युद्धेतिहासाच्या अभ्यासकाचे लक्ष बहुधा जर्मनीकडे वळते, आणि ते स्वाभाविकही आहे. दुसऱ्या महायुद्धात जर्मन सेनेमध्ये पहाडी पायदळाच्या स्वतंत्र डिव्हिजनी होत्या. त्यांची भरती मुख्यतः बव्हेरिया आणि ऑस्ट्रिया येथील डोंगराळ मुलखातून होई. त्यांची शस्त्रे, त्यांची खेचरे, त्यांचे शिक्षण ही सारी मैदानी पायदळाहून निराळी होती, आणि त्यांच्या श्रेष्ठ सेनापतींना हुद्दाही निराळ्या नावाचा मिळत असे. आपल्याकडे असा वर्ग नव्हता. १९६२ पूर्वी भारतीय सेनेत ‘पहाडी डिव्हिजन’ नावाची एकही डिव्हिजन नव्हती. असे असूनही पहाडी युद्धाचा विचार करणारे सेनापती आपल्याकडे होते, आणि त्यांतील एक कोल्हापूरच्या मातीतला होता. लेफ्टनंट जनरल शंकरराव पांडुरंग पाटील थोरात यांची योजना १९६२ च्या पराभवानंतर ‘दुर्लक्षिलेले भाकीत’ म्हणून पुष्कळ गाजली. ती भाकीत नव्हती असे आमचे मत आहे. ती काय होती, आणि तिचे मूळ त्यांच्या युद्धकालीन अनुभवात कितपत शोधता येते, एवढाच प्रस्तुत लेखाचा विषय आहे.

तुलनेसाठी प्रथम एक जर्मन उदाहरण घेणे सोयीचे होईल. एदुआर्द डीट्ल हा तिसऱ्या पहाडी डिव्हिजनचा सेनापती ९ एप्रिल १९४० रोजी सुमारे दोन हजार सैनिकांनिशी नॉर्वेच्या उत्तरेस नार्विक बंदरात उतरला. त्याला घेऊन आलेल्या दहाही विनाशिका त्याच आठवड्यात ब्रिटिश आरमाराने बुडविल्या किंवा निकामी केल्या. तेव्हा त्याने वाचलेल्या खलाशांच्या हाती बंदुका दिल्या, २८ मे रोजी नार्विक सोडले आणि लोहमार्गाच्या आधाराने स्वीडनच्या सीमेकडे सरकत सरकत तो टिकून राहिला. जूनमध्ये फ्रान्सची दुरवस्था झाल्यामुळे दोस्त सेनाच निघून गेल्या आणि डीट्ल जर्मनीत वीर ठरला. पुढच्या वर्षी हाच सेनापती मुर्मान्स्कवर चालून गेला, तो मात्र लित्सा नदीच्या काठी अडकला तो अडकलाच. ती आघाडी १९४४ च्या शरदापर्यंत जवळजवळ तेथेच राहिली. सैनिक तेच होते, सेनापती तोच होता. पण पहिल्या खेपेस तो मागे सरकत असता डोंगर त्याच्या बाजूचे होते, आणि दुसऱ्या खेपेस रस्ते नसलेल्या मुलखात पुढे सरकताना तेच खडक त्याचे शत्रू झाले. मोहिमेपूर्वी त्या प्रदेशात वाटा नाहीत असे त्याने हिटलरला बजावले होते. तथापि हिटलरचा जुना निष्ठावंत अनुयायी असल्यामुळे आज्ञा होताच तो निमूटपणे निघाला. पहाडात सैन्य किती आहे यापेक्षा त्याच्या पाठीमागची वाट किती लांब आहे, हा प्रश्न अधिक निर्णायक असतो, एवढे या दोन मोहिमांवरून ध्यानात ठेवावे.

हा विचार नवा नाही. क्लाउझेविट्झने आपल्या युद्धविषयक ग्रंथाच्या सहाव्या भागात डोंगरी प्रदेशातील संरक्षणावर सलग तीन प्रकरणे लिहिली, आणि सर्वसाधारण समजुतीला धक्का देणारे मत मांडले. डोंगर बचाव करणाऱ्याला अनुकूल असतात, हे लहान ठाण्यापुरते खरे आहे. मूठभर माणसे एखादी खिंड कितीतरी वेळ अडवून धरू शकतात. पण ज्या लढाईवर सर्व निकाल अवलंबून आहे, ती लढाई बचाव करणाऱ्याने डोंगरात देऊ नये, असा त्याचा अभिप्राय आहे. कारण तेथे सैन्य विखुरते, हालचाल खुंटते आणि वेढले जाण्याचा धोका वाढतो. आपल्याकडे रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात दुर्गांचे जे विवेचन आहे, त्यातही किल्ल्यासाठी जागा पाहताना आधी पाणी पाहावे असा दंडक आहे. ज्या उंचीवर पाणी नाही आणि धान्य पोहोचत नाही, ती उंची शत्रूची सोय करून ठेवते, हे मराठी राज्यकर्त्यांना ठाऊक होते.

थोरात यांचा जन्म १९०६ चा. सँडहर्स्ट येथील सैनिकी विद्यालयातून १९२६ साली ते अधिकारी म्हणून बाहेर पडले आणि चौदाव्या पंजाब रेजिमेंटमध्ये रुजू झाले. त्या पिढीतील भारतीय अधिकाऱ्यांची डोंगरी युद्धाची शाळा म्हणजे वायव्य सरहद्द. दरीतून काफिला जाण्यापूर्वी दोन्ही बाजूंच्या कड्यांवर आपली माणसे चढवावयाची, काफिला सुखरूप निघून गेला की ती उतरवावयाची, आणि उतरताना पाठीवर गोळ्या येणार हे धरून चालावयाचे, असा तो क्रम असे. यातून कड्याचे मोल शिकता येई. मोठ्या युद्धाचे ज्ञान मात्र त्यातून होण्यासारखे नव्हते.

ते ज्ञान ब्रह्मदेशात झाले. १९४४-४५ च्या आराकान मोहिमेत पंचविसाव्या भारतीय डिव्हिजनमध्ये ५१ वी ब्रिगेड होती. या ब्रिगेडचे वैशिष्ट्य असे की, तिच्या तिन्ही पलटणींचे नायक भारतीय होते. सोळाव्या बलुच पलटणीवर (दहावी रेजिमेंट) लेफ्टनंट कर्नल एल. पी. सेन, आठव्या हैदराबाद पलटणीवर (एकोणिसावी रेजिमेंट) के. एस. थिमय्या आणि दुसऱ्या पंजाब रेजिमेंटच्या दुसऱ्या पलटणीवर थोरात. भारतीय अधिकारी युद्धात पलटण चालवू शकेल काय, ही शंका त्या काळी ब्रिटिश वर्तुळांत उघडपणे बोलली जाई. या ब्रिगेडकडे म्हणून अनेकांचे डोळे लागलेले होते. ही तीन नावे वाचकाने लक्षात ठेवावीत. पुढे ती पुन्हा एकत्र यावयाची आहेत.

जानेवारी १९४५ मध्ये आराकानच्या किनाऱ्यावरील परिस्थिती थोडक्यात अशी होती. ३ जानेवारीस अक्याब विनासायास हाती आले. १२ जानेवारीस मायेबॉन येथे सैन्य उतरले. जपान्यांची चोपन्नावी डिव्हिजन उत्तरेकडून माघार घेत होती, आणि तिला तोफा व गाड्या घेऊन दक्षिणेस जाण्यासाठी किनाऱ्यालगतचा एकच रस्ता होता. तो रस्ता कांगॉ या गावावरून जात होता. गावाभोवती भातखाचरे, कांदळवन, भरती-ओहोटीच्या खाड्या, आणि त्यांतून वर आलेल्या लहान लहान टेकड्या. २२ जानेवारीस तिसरी कमांडो ब्रिगेड खाडीतून आत शिरून तेथे उतरली. तिने व्यापलेली मुख्य टेकडी नकाशावर ‘हिल १७०’ या नावाने ओळखली जाते. हा आकडा तिच्या उंचीचा आहे, आणि तो फुटांत आहे. आपल्या पर्वतीहूनही ठेंगणी अशी ती टेकडी. पण रस्ता तिच्या माऱ्यात होता.

पाठोपाठ ५१ वी ब्रिगेड आली. रस्त्याच्या कडेच्या ज्या टेकड्यांवर जपानी खणून बसले होते, त्यांतील ‘मेलरोझ’ या टोपणनावाच्या टेकडीसाठी जानेवारीच्या अखेरीस फार निकराचा संग्राम झाला. तोफांच्या व विमानांच्या माऱ्याने जपानी मोर्चे उद्ध्वस्त होत नसत. ते खंदकांत खोल बसलेले असत, आणि शेवटी प्रत्येक खंदकापर्यंत पायदळानेच पोहोचावे लागे. हे काम थोरात यांच्या पंजाब पलटणीने संगिनींनी पार पाडले. जपान्यांनी ३१ जानेवारीस हिल १७० वर आपला प्रतिहल्ला केला. तेथे कमांडोंच्या लेफ्टनंट जॉर्ज नोलंड यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला, आणि लढाई संपल्यावर त्या एका टेकडीच्या परिसरात तीनशेहून अधिक जपानी प्रेते आढळली. कांगॉच्या कामगिरीबद्दल सेन, थिमय्या व थोरात या तिघांनाही ‘डिस्टिंग्विश्ड सर्व्हिस ऑर्डर’ हे पदक मिळाले. एकाच ब्रिगेडच्या तिन्ही पलटणनायकांना हा मान मिळावा, ही गोष्ट विरळा होय, आणि भारतीय नेतृत्वाविषयीची शंका तेथे निकालात निघाली.

कांगॉचे महत्त्व शौर्यापुरते नाही. लढाईची रचना पाहिली तर असे दिसते की, जपानी सैन्याचा पाठलाग करण्याचा खटाटोप दोस्त सेनेने येथे केलाच नाही. तिने एक जागा निवडली; ती अशी की, शत्रूला तिच्याकडे यावेच लागेल. आपल्या मागे समुद्र, म्हणजे नौकांतून अखंड येणारी रसद. शत्रूच्या मागे मात्र लांबलेली, तुटत चाललेली वाट. शत्रू चवताळून टेकडीवर आदळत राहिला आणि झिजत गेला. लढाईची जागा नकाशावरील सीमेने न ठरविता रसदीने ठरवावी, हा धडा थोरात यांनी कांगॉ येथे शिकला असावा, असे आमचे अनुमान आहे. अनुमान म्हणण्याचे कारण एवढेच की, पुढील योजनेचे सूत्र हेच आहे, पण त्या दोहोंतील दुवा आपणच जोडावयाचा आहे.

मध्यंतरीच्या वर्षांचा विस्तार येथे करीत नाही. १९५३-५४ मध्ये कोरियात युद्धकैद्यांच्या देखरेखीसाठी गेलेल्या भारतीय दलाचे सेनापती थोरात होते, आणि तटस्थ राष्ट्रांच्या आयोगाचे अध्यक्ष थिमय्या. मायदेशी परत जाण्यास नकार देणारे बावीस हजारांवर कैदी भारतीय दलाच्या हवाली झाले होते. सप्टेंबर १९५३ मध्ये या कैद्यांनी एका भारतीय मेजरला आपल्या आवारात पकडून ठेवले, तेव्हा थोरात स्वतः आत गेले आणि गोळी न झाडता त्याला सोडवून आणले. या प्रसंगाबद्दल त्यांना अशोकचक्र (वर्ग दुसरा) मिळाले. बळ हाताशी असूनही ते कोठे वापरू नये याचे तारतम्य त्यांच्यापाशी होते, हे यावरून दिसते. आणि पुढील योजनेत तेच तारतम्य वेगळ्या रूपाने आढळते.

मे १९५७ मध्ये थिमय्या लष्करप्रमुख झाले, आणि त्याच महिन्यात थोरात पूर्व विभागाचे सरसेनापती झाले. पूर्व विभागाचे मुख्यालय तेव्हा लखनौ येथे होते. नेफाच्या सीमेवरील ठाणी मात्र लष्कराकडे नव्हती. ती आसाम रायफल्सकडे होती, आणि त्यांचा कारभार परराष्ट्र खात्यामार्फत चाले. २५ ऑगस्ट १९५९ रोजी लाँगजू येथे चिनी सैन्याने आसाम रायफल्सच्या ठाण्यावर गोळीबार करून ते बळकावले, आणि त्यानंतर सीमेची जबाबदारी लष्करावर टाकण्यात आली. येथे एक गोष्ट विसरता कामा नये. त्याच आठवड्यात संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांच्याशी मतभेद होऊन थिमय्यांनी राजीनामा दिला होता, आणि पंतप्रधानांच्या आग्रहाखातर तो परत घेतला होता. म्हणजे थोरात यांची योजना दिल्लीत पोहोचली ती अशा वेळी, की जेव्हा लष्करप्रमुख आणि मंत्री यांच्यात संभाषणापुरताही विश्वास उरलेला नव्हता.

ही योजना ८ ऑक्टोबर १९५९ ची आहे. तिचा आशय असा : सीमेलगत थोडी ठाणी असावीत. त्यांचे काम शत्रू आल्याची वर्दी देण्याचे. तेथे मरेपर्यंत लढण्याचे नव्हे. त्यांच्या मागे, खिंडींच्या आश्रयाने, शत्रूला विलंब लावणाऱ्या तुकड्या असाव्यात. आणि निर्णायक लढाई द्यावयाची ती त्याहून बरीच मागे, बोमडिला, झिरो, दापोरिजो, अलाँग, रोइंग, तेझू अशा ठिकाणांना जोडणाऱ्या रेषेवर. ही रेषा निवडण्याचे कारण उघड आहे. आसामच्या मैदानातून या ठिकाणांपर्यंत आपली रसद, गाडीने म्हणा की विमानाने म्हणा, पोहोचू शकेल. आणि तेथवर येईतो चिनी सैन्यामागे मात्र हिमालयाची मुख्य ओळ, बर्फाने बंद होणाऱ्या खिंडी आणि कित्येक दिवसांची पायवाट पडलेली असेल. कामेंग भागात याचा अर्थ असा होतो की, तवांग लांबणीवर टाकण्यापुरते लढवावयाचे आणि खरा मोर्चा बोमडिला येथे धरावयाचा. १७ मार्च १९६० रोजी लखनौ येथे ‘लाल किला’ या नावाने झालेल्या युद्धसरावात हीच कल्पना लष्करप्रमुख व मुख्यालयातील वरिष्ठ अधिकारी यांच्यासमोर तपासली गेली.

थिमय्यांना ही योजना मान्य होती, आणि त्यांनी ती मंत्र्यांकडे पाठविली. मेनन यांनी मात्र ती अनावश्यक घबराट पसरविणारी ठरवून बाजूस सारली. चीन युद्ध करणार नाही, केलेच तर राजनीतीने ते आवरता येईल, असा त्यांचा विश्वास होता. थोरात यांनी आपल्या आत्मवृत्तात हे सविस्तर सांगितले आहे. थिमय्यांनी निवृत्तीपूर्वी आपल्यामागून थोरात यांची शिफारस केली होती. ती डावलून पी. एन. थापर लष्करप्रमुख झाले, आणि मे १९६१ मध्ये थिमय्या व थोरात दोघेही निवृत्त झाले. थोरात यांच्या जागी पूर्व विभागावर जे सरसेनापती आले ते एल. पी. सेन, म्हणजे कांगॉच्या ब्रिगेडचे तिसरे पलटणनायक.

पुढील घटना सर्वांना परिचित आहेत. नोव्हेंबर १९६१ पासून पुढे पुढे ठाणी टाकण्याचे धोरण आले. जून १९६२ मध्ये भूतानच्या कोपऱ्यालगत ढोला येथे ठाणे बसले. सप्टेंबरमध्ये चिनी सैन्य थागला ओलांडून आले, आणि सातवी ब्रिगेड नामका चू या ओढ्याच्या काठी, कड्याच्या तळाशी, नेऊन उभी करण्यात आली. शत्रू वर होता, आपण खाली होतो. रसद विमानातून त्सांगधर येथे टाकली जाई आणि तिचा मोठा भाग दऱ्यांत नाहीसा होई. २० ऑक्टोबरच्या पहाटे ती ब्रिगेड काही तासांत मोडली. तवांग त्याच आठवड्यात गेले. त्यानंतर सेला खिंडीवर, सुमारे चौदा हजार फुटांवर, मुख्य मोर्चा बांधला गेला. पण १७-१८ नोव्हेंबरला तोही पाठीमागची वाट तुटल्याच्या भयाने सोडला गेला, आणि बोमडिला पाठोपाठ पडले.

येथे अभ्यासकाने एक प्रश्न स्वतःस विचारावा. बोमडिला ही जर थोरात यांच्या योजनेतील निर्णायक जागा होती, तर १९६२ मध्ये तीही एका दिवसात का पडली? योजनेचे गुणगान करणारे लेखक हा प्रश्न बहुधा टाळतात. उत्तर असे की, थोरात यांच्या कल्पनेत बोमडिला ही आधी तयार केलेली, सैन्य पोसलेली आणि तोफा जमवलेली जागा होती. प्रत्यक्षात तेथील सैन्य सेलाकडे व इतर वाटांवर वाटून दिले गेले होते, आणि शत्रू आला तेव्हा मोर्चात माणसे अपुरी होती. नकाशावरची रेषा आपोआप बचाव करीत नाही. तिच्यासाठी तीन वर्षे रस्ते, खेचरे, विमानतळ आणि शिक्षित पलटणी हव्या होत्या, आणि ही तीन वर्षे वाया गेली. १९५९ च्या अखेरीस आसामात आलेली चौथी डिव्हिजन केरेन व कॅसिनो येथे नावाजलेली असली, तरी तिची घडण पंजाबच्या मैदानासाठी झालेली होती.

दुसरा आक्षेप राजकीय आहे आणि तो वजनदार आहे. तवांग लढाईविना, किंवा नाममात्र लढाईने, सोडण्याची योजना १९५९ मध्ये कोणता पंतप्रधान संसदेत मांडू शकला असता? योजनेनंतर अवघ्या दोन आठवड्यांनी, २१ ऑक्टोबरला, लडाखात कोंगका येथे भारतीय पोलीस मारले गेले आणि लोकमत एवढे खवळले की एक इंच भूमीही सोडणार नाही ही भाषा अपरिहार्य झाली. थोरात यांनी भूमी सोडण्याचा विचार मांडलाच नव्हता; त्यांनी लढाईची जागा निवडली होती. तथापि हा भेद सैनिकाला जितका स्पष्ट दिसतो, तितका मतदाराला दिसत नाही. सेनापतीचे गणित आणि राज्यकर्त्याचे बंधन यांत जो विरोध आहे, तो येथे कोणी सोडविण्याचा प्रयत्नच केला नाही. मंत्र्याने तो कागद बाजूस ठेवला, आणि थोरात यांच्या कथनानुसार पंतप्रधानांपर्यंत तो पोहोचलाच नाही. नोव्हेंबर १९६२ मध्ये पराभवानंतर नेहरूंनी थोरात यांना दिल्लीस बोलावून घेतले, तेव्हा आपणास हे पूर्वी का सांगण्यात आले नाही, असे त्यांनी विचारल्याचे थोरात लिहितात.

या कथनाचा आधार मुख्यतः एकाच पुस्तकात, म्हणजे १९८६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या थोरात यांच्या इंग्रजी आत्मवृत्तात आहे, आणि ते घटनेनंतर चोवीस वर्षांनी वाचकांपुढे आले. मेनन तोवर दिवंगत झाले होते, नेहरूही. आत्मवृत्तकार आपल्या बाजूने झुकतो, हे गृहीत धरून त्याचे वाचन करणे संशोधकाचे कर्तव्य आहे. परंतु योजनेचे अंतरंग तपासले म्हणजे ते आत्मवृत्ताच्या वेळी रचलेले वाटत नाही. पराभवानंतर शहाणपण सुचलेला लेखक सेलाची चूक, नामका चूची चूक, व्यक्तींच्या चुका मोजीत बसतो. या योजनेत व्यक्ती नाहीत. अंतरे आहेत, उंची आहेत, दिवस आहेत. म्हणूनच तिला भाकीत म्हणणे आम्हांस पटत नाही. भाकिताला द्रष्टा लागतो. या हिशेबाला नकाशा, फूटपट्टी आणि कांगॉसारख्या ठिकाणी काढलेले काही आठवडे एवढे पुरे होते, आणि ते सेन यांच्यापाशीही होते. १९४७ मध्ये श्रीनगरजवळ शालटेंग येथे विजय मिळविणारे सेन. १९४८ च्या नोव्हेंबरात जोजिलाच्या खिंडीत रणगाडे चढविणारे थिमय्या. हे दोघेही डोंगरी युद्धात कोणाहून उणे नव्हते. तेव्हा १९६२ चा पराभव अनुभवी माणसांच्या अभावामुळे झाला, हे म्हणणे टिकत नाही. अनुभवी माणूस त्याच विभागात, त्याच खुर्चीवर होता. पण लढाईची जागा निवडण्याचा अधिकार त्याच्या हातून केव्हाच निघून गेला होता, आणि दिल्लीत बसलेली मंडळी एकेका ठाण्याची हालचाल ठरवीत होती.

पराभवानंतर मेनन गेले आणि यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री झाले. थोरात यांना राष्ट्रीय संरक्षण परिषदेवर घेण्यात आले. महाराष्ट्र लोकसेवा आयोगाचे अध्यक्षपदही त्यांनी भूषविले. ऑगस्ट १९९२ मध्ये ते निवर्तले. पहाडी डिव्हिजनी १९६३ पासून उभ्या राहू लागल्या, आणि चौथ्या डिव्हिजनचेही रूपांतर पहाडी डिव्हिजनीत झाले. १९६५ मध्ये असल उत्तर येथे, पंजाबच्या सपाट उसाच्या शेतांत, ती याच नावाने पाकिस्तानी रणगाड्यांशी लढली.

या विषयावर पुढे काम करू इच्छिणाऱ्या विद्यार्थ्याने थोरात यांचे आत्मवृत्त एकटे वाचू नये. सातव्या ब्रिगेडचे नायक जॉन दळवी यांचे १९६९ चे पुस्तक आणि बी. एम. कौल यांचे १९६७ चे पुस्तक ही त्याच्या शेजारी ठेवावीत. कौल यांचे विशेषतः, कारण तो आरोपीचा जबाब आहे आणि जबाबाला त्याचे मोल असते. सेन यांचेही एक पुस्तक आहे. त्याचा विषय १९४७-४८ चे काश्मीर हा आहे.